बकरीतला क कुठं गेला?

पहिलीचा वर्ग सांभाळणाऱ्या बाईला किस्से जमवावे लागत नाहीत. पर्सच्या तळाशी खडूचा चुरा साठतो, तसे ते आपोआप साठत जातात. अकरा वर्षं मी औंढा तालुक्यातल्या एका तांड्यावरच्या शाळेत पहिलीला शिकवलं. सकाळी हिंगोलीहून एसटी, जवळा बाजारला उतरायचं, तिथं ठेवलेली स्कूटी काढायची आणि पुढं कच्चा रस्ता. संध्याकाळी घरात पाय टाकला की नवरा विचारायचा, "आज काय झालं?" आणि रोज काहीतरी झालेलं असायचंच!

आता मी हिंगोलीतच एका मोठ्या शाळेची मुख्याध्यापिका आहे. बढती झाली, सगळ्यांनी पेढे खाल्ले. मला खोली आहे, फिरती खुर्ची आहे, कॉम्प्युटर आहे. वर्ग नाही. नवरा अजून विचारतो, "आज काय झालं?" मी म्हणते, "ऑनलाइन माहिती भरली." तो बिचारा टीव्ही लावतो.

म्हणून हे जुनेच सांगते.

*

तांड्यावर पहिल्यांदा गेले तेव्हा मी नियमाप्रमाणे चित्रांचा तक्ता लावला. अ अननसाचा, ब बदकाचा. दोन महिने पोरं तक्ता घडाघडा म्हणत होती. मी खूश! माहेरी फोन करून आईला सांगितलं, पोरं फार हुशार आहेत.

मग एक दिवस एका पोरीला उभं केलं. 'ब'वर छडी ठेवली.

"हे काय?"

"पाखरू."

"अगं, अक्षर कोणतं?"

ती तक्त्याकडं बघत राहिली. मग समजुतीच्या आवाजात म्हणाली, "ब पाखराचा!"

तिनं बदक कधी पाहिलंच नव्हतं. पाण्यावरचं एक पाखरू, एवढंच तिला दिसत होतं. घरी बंजाऱ्यांची गोरमाटी बोलणारी ही लेकरं. आईला याडी म्हणणारी, भाकरीला बाटी म्हणणारी. त्यांच्या कानाला मराठीचा आवाजच नवा होता, आणि मी त्यांच्या डोळ्यांपुढं अक्षरं नाचवत होते. त्या दिवशी मी तक्ता गुंडाळून कपाटावर टाकला आणि शाळेच्या पेटीतली धूळ खात पडलेली खंजिरी बाहेर काढली. म्हटलं, आधी ऐकू. वाचायचं नंतर बघू.

माझा गळा अगदीच बेताचा आहे. पण पहिलीतल्या पोरांना बाईंचा गळा कसाही चालतो, बाई गातायत हेच पुष्कळ!

*

आमचा पहिला खेळ टाळ्यांचा. शब्द तोंडानं म्हणायचा, आणि त्याचे जितके तुकडे कानाला लागतील तितक्या टाळ्या. मका, दोन टाळ्या. याडी, दोन टाळ्या. पोरं घरी जाऊन कोंबडीच्या, म्हशीच्या, आजोबाच्या नावाच्या टाळ्या काढून यायची.

कान तयार झाले तशी मी अक्षरं फळ्यावर आणली. आणि मग विकास उभा राहिला. विकास म्हणजे वर्गातला वकील.

"बाई, बकरीला किती टाळ्या?"

"तूच सांग."

"बक-री. दोन. मग पाटीवर तीन अक्षरं काहून?"

मी फळ्याकडं पाहिलं. ब, क, री. तीन! तोंडात दोन आणि पाटीवर तीन. डी.एड. झाले, इतकी वर्षं नोकरी केली, पण हे माझ्या कधी लक्षातच आलं नव्हतं.

"बाई, एक अक्षर कुठं गेलं?"

शेजारच्या वर्गातून आमचे गुरुजी ओरडले, "खिचडी खायला गेलं असंल!" शाळेत आम्ही दोघंच शिक्षक, मधे अर्धी भिंत. एकाचं दुसऱ्याला सगळं ऐकू जायचं.

विकास हसला नाही. तो तोंडातल्या तोंडात बकरी, बकरी म्हणत मधली सुट्टी संपेपर्यंत फिरला. मग पळत आला.

"बाई, घावलं! क ब च्या कडेवर बसलाय. म्हणून त्याची टाळी न्हाई!"

मी पुढं कितीतरी प्रशिक्षणांना गेले. हा नियम इतका सोपा करून मला कुणी सांगितला नाही.

*

मग यमकांचं वेड आलं. मी एक ओळ द्यायची, पोरांनी दुसरी जुळवायची. "ट ट टोपली" म्हटलं की कुणीतरी "टमाट्यावर कोपली" म्हणायचं. अर्थाचा आग्रह नव्हता. शेवट कानाला सारखा लागला पाहिजे, बस.

एका सकाळी गुरुजी फाटकातून आत येत होते. पोरं ओट्यावर ओळीनं उभी. एकदम सुरात आवाज आला,

"गुरुजी गुरुजी, खाल्ली का बुर्जी?"

गुरुजी माळकरी! घरात कांदासुद्धा चातुर्मासात बंद. सायकल तिथंच उभी करून ते माझ्याकडं आले. मी तोंडाला पदर लावलेला.

"बाई, यमक बराबर हाय," ते गंभीरपणे म्हणाले. "पण माळ हाय माझ्या गळ्यात!"

मी पोरांना समजावलं. गुरुजींना वाईट वाटतं, ओळ बदला. पोरांनी खूप विचार केला. दुसऱ्या दिवशी गुरुजी आले, तेव्हा नवी ओळ तयार होती,

"गुरुजी गुरुजी, खा ना बुर्जी!"

*

रोज एक मिनिट आम्ही डोळे मिटून नुसतं ऐकायचो. मग ज्याला जे ऐकू आलं ते त्यानं सांगायचं. आवाजांचे बारीक फरक कळायला लागले की पुढं त आणि ट, प आणि फ वेगळे ऐकू येतात. हे मी मुद्दाम सांगायला नको, पण सवय आहे.

एकदा असंच मिनिट संपलं. कुणी सांगितलं, शेळी ओरडली. कुणी म्हणालं, ट्रॅक्टर गेला. कुणाला लांब हळद शिजवायच्या भट्टीचा आवाज आला होता. सविता नावाची एक बारकी पोर डोळे मिटूनच बसली होती.

"सविता, तुला काय ऐकू आलं?"

"बाई, तुमच्या पोटात गुरगुर झाली. दोन डाव."

वर्ग खो खो हसला. मीही हसले. खरं म्हणजे त्या दिवशी सकाळची एसटी चुकेल म्हणून मी चहासुद्धा घेतला नव्हता.

दुसऱ्या दिवशी हजेरीच्या वहीवर एक फडकं ठेवलेलं. आत ज्वारीची गरम बाटी आणि ठेचा. सविता म्हणाली, "याडीनं सांगितलं, बाईनं आधी खावं, मग शिकवावं."

आता माझ्या खोलीत डबा खाताना दार लावून घ्यावं लागतं. मुख्याध्यापिकेच्या पोटाचा आवाज ऐकण्याएवढं जवळ कुणी येत नाही.

*

एकदा एक साहेब तपासणीला आले. आम्ही नेमके ताटांवर ताल धरून बसलो होतो. साहेब दारातच थबकले.

"मॅडम, हे काय? वर्ग आहे की बँड पथक?"

मी उभी राहिले. म्हटलं, सर, कान तयार करतोय, त्यानं वाचन सोपं जातं. साहेबांनी मान हलवली, पण ती पटल्याची मान नव्हती. त्यांनी कुणाला तरी वाचायला लावायच्या आधीच विकास पुढं आला.

"साहेब, तुमचं नाव काय?"

मी त्याला मागं ओढायला गेले. पण साहेब बरे होते. म्हणाले, "श्रीनिवास."

"टाळ्या वाजवा की."

साहेबांनी इकडं तिकडं पाहिलं. फाईल बगलेत धरली आणि वाजवल्या. श्री, नि, वा, स. चार.

विकासनं मान हलवली. "चुकलं साहेब. तुमचा स वा च्या कडेवर हाय!"

साहेब दोन वेळा स्वतःशीच नाव पुटपुटले. मग विकासला म्हणाले, "अरे, खरंच की!" आणि चक्क आमच्यात मांडी घालून बसले. शेरेबुकात काय लिहिलं ते विसरले मी. पण जाताना गाडीत बसेपर्यंत ते ड्रायव्हरच्या नावाच्या टाळ्या मोजत होते.

*

काजलचं मात्र मी हसत हसत सांगू शकत नाही.

शांत पोर. पाटीवर अक्षर मोत्यासारखं काढायची, पण वाचायला सांगितलं की गप्प. पाटी म्हटलं की बाटी लिहायची. अंगणवाडीतूनच ती 'मंद आहे' असा शिक्का घेऊन आली होती. मलाही तसंच वाटायला लागलं होतं, खोटं कशाला बोलू?

सगळे मिळून म्हणताना तिचे ओठ बरोबर हलायचे. पण टाळ्यांच्या खेळात माझ्या लक्षात आलं की तिची टाळी पडते, पण सगळ्यांच्या मागून. रोज. अगदी जराशी मागून. ती ऐकून वाजवत नव्हती. ती दुसऱ्यांचे हात बघून वाजवत होती!

मी तिच्या पाठीमागं गेले आणि खंजिरी जोरात वाजवली. सगळा वर्ग मागं वळला. काजल पाटीवर मोर काढत राहिली.

त्या दिवशी मी तिच्या घरी गेले. आई दारात हळद कुटत होती. मी विचारलं, हिला ऐकायला कमी येतं का?

ती म्हणाली, "व्हय बाई! तीन वर्षं झाली, माझं ऐकतच न्हाई हे लेकरू. लई हट्टी हाय."

मी कानाला हात लावून पुन्हा विचारलं. तिला मी काय विचारतेय ते कळायला वेळ लागला. कळलं तेव्हा ती हळदीच्या हातानंच काजलला जवळ घेऊन खाली बसली. काजलच्या फ्रॉकवर पिवळे पंजे उठले.

हिंगोलीला कानाच्या डॉक्टरांकडं चार-पाच खेपा झाल्या. कान वाहून वाहून पडदे खराब झाले होते. औषधं झाली, मग एका कानाला मशीन बसलं. मशीन लावून ती पहिल्या दिवशी वर्गात आली, तेव्हा मी पोरांना सांगून ठेवलं होतं, आज छान गाणं म्हणायचं. पोरांनी जीव तोडून म्हटलं. माझे डोळे भरून आलेले.

काजलनं दोन्ही हातांनी कान झाकले. "बाई, ह्यांना गप करा न. डोकं दुखून राहिलं!"

दिवाळीनंतर ती वाचायला लागली. पाटीला पाटी म्हणायला लागली. एक दिवस तिची आई शाळेत आली. वाटलं, आभार मानायला आली.

"बाई, आता तिला समदं ऐकू येतं," ती तक्रारीच्या सुरात म्हणाली. "तरी माझं ऐकत न्हाई!"

*

दिवाळी झाली की तांडा रिकामा व्हायचा. ऊसतोडीला माणसं निघायची, बरोबर लेकरंही. ट्रकमध्ये भांडी, कोंबड्या, गोधड्या आणि वर बसलेला माझा वर्ग. मी रस्त्याच्या कडेला उभी राहून हात हलवायचे. दुसऱ्या दिवशी हजेरी घेताना सवयीनं सगळी नावं घेतली जायची. नाव घ्यायचं, थोडं थांबायचं, पुढं जायचं. पाच पोरं उरायची. पाच पोरांत गाणं म्हटलं तर भिंतीवरून आपलाच आवाज परत येतो.

एका वर्षी सविताही गेली. नुकती कुठं अक्षरं जुळवायला लागली होती. मी मनातल्या मनात म्हटलं, संपलं. आता परत येईल तेव्हा पाटी कोरी.

होळीच्या तोंडावर माणसं परत आली. सविता ट्रकमधून उतरून घरी न जाता सरळ शाळेत. अंगावर रस्त्याची धूळ, केसांत उसाचं पाचट. मी म्हटलं, "सविता, काही आठवतं का गं?"

ती म्हणाली, "वाटंनं समद्या गाड्यांच्या पाठी वाचल्या." आणि आमच्या बाराखडीच्या चालीत सुरू झाली. सावकाश चला. आईची पुण्याई. हात दाखवा. पाठ थोपटा. एका दमात, खंजिरीशिवाय, ताल न चुकता!

"अगं, तिकडं तुझं वाचन कोण घेत होतं?"

"माझं कोण घेणार? मीच घेत होते," ती म्हणाली. "पाचटाच्या कोपीपुढं तेलाचा डबा वाजवून शाळा भरवायची मी. याडी उसाच्या फडात गेली की पोरं माझ्याकडं."

"किती पोरं होती?"

"सात." तिनं आमच्या वर्गाकडं नजर फिरवली. पाचच बसलेली. "तुमच्यापेक्षा जास्त!"

*

शेवटचं सांगते. हे अजून मी नवऱ्यालाही नीट सांगितलेलं नाही.

पल्लवी नावाची एक पोरगी होती. तिचे वडील डफ वाजवायचे. तांड्यावर निम्मी घरं राठोडांची, म्हणून त्यांना सगळे डफवाले राठोड म्हणायचे. लग्न असो, होळी असो, त्यांच्या डफाशिवाय कुणाचा पाय उचलायचा नाही. पल्लवी पहिलीत येऊन पंधरा दिवस झाले असतील. आमचं गाणं रंगात आलेलं, आणि हे दारात. चपला बाहेर काढून सरळ आत आले.

"बाई, हे काय चालू हाय?"

मी सांगायला लागले. त्यांनी मधेच थांबवलं.

"वाजवणं आमच्या घरी लई हाय. माझ्या बापानं वाजवलं, मी वाजवतो. तरी कुठंबी गेलो की अंगठाच पुढं करावा लागतो. लेकराला तुमच्याकडं अक्षरासाठी पाठवलं. डफ ती घरीच शिकंल."

"दादा, कान तयार झाला की अक्षर लवकर बसतं," मी म्हटलं.

"मग माझा कान तयारच हाय की!" ते म्हणाले. आवाज चढला नव्हता. "आख्ख्या तांड्यात माझ्यासारखा कान न्हाई. मला काहून येत न्हाई वाचायला?"

मला उत्तर माहीत होतं. त्यांना कधी कुणी शिकवलंच नव्हतं. पण ते भर वर्गात, लेकीसमोर, त्यांच्या तोंडावर कसं सांगायचं? मी नुसतंच म्हटलं, "तुम्हीपण बसा ना वर्गात."

ते हसले. "या वयात?" लेकीच्या डोक्यावरून हात फिरवला आणि गेले.

पुढं पल्लवी छान शिकली. पालकसभेला तिची आई यायची. ते पुन्हा शाळेची पायरी चढले नाहीत. माझ्या निरोपाच्या दिवशी सगळा तांडा जमला होता. बाया गळ्यात पडून रडल्या, गुरुजींनी भाषण अर्ध्यात सोडलं. राठोड लांब लिंबाखाली उभे होते. पुढं आले नाहीत, बोलले नाहीत. खरं सांगते, मला ते लागलं. स्कूटी वळवताना मी दोनदा मागं बघितलं.

गेल्या महिन्यात शाळेत मधली सुट्टी चालू होती. मी खोलीत कागदांवर सह्या करत होते. मोबाईल वाजला, नंबर अनोळखी.

"बाई, राठोड बोलतो."

"कोणते राठोड?"

"डफवाला." मग जरा थांबून म्हणाले, "बाई, तुमी बोलू नका. नुसतं ऐका."

काहीतरी सरकवल्याचा आवाज आला. घसा खाकरला. आणि मग,

"ध... रा... धरा..."

मागून पल्लवीचा आवाज आला, "बा, ते ध न्हाई. घ हाय. नीट बघा की."

"घ... रा. घरा. घरा... मागं. घरामागं... ध... र... ण. धरण. घरामागं धरण हाय."

"आहे," पल्लवी म्हणाली. "पुस्तकात आहे लिवलंय."

"आहे. ध... रणात... पा... णी... आहे."

दारात शिपाई उभा राहिला. सुट्टी संपली, घंटा देऊ का म्हणून खूण करत होता. मी हातानंच थांब म्हटलं. तो थांबला. त्या दिवशी आमच्या शाळेची मधली सुट्टी बरीच लांबली आणि एकाही पोराची तक्रार आली नाही.

तिकडं एकेक अक्षर येत होतं. मधे खूप वेळ शांतता, मग पुढचं अक्षर. कुठं घाई नाही. पान संपलं असावं. त्यांना दम लागला होता, श्वास मला ऐकू येत होता.

"बाई, ऐकून राहिल्या न?"

मी काहीच बोलले नाही. बोलू नका म्हणून सांगितलं होतं.

मग पलीकडून पान उलटल्याचा आवाज आला.